बिशप आणि कॅमेरा : मार्गोट केसमान
(लेखांक ६)

मार्गोट केसमान १९९९मध्ये हानोफरच्या ल्यूथरन चर्चच्या बिशप झाल्या. जर्मनीतल्या ल्यूथरन प्रादेशिक चर्चांपैकी हे सर्वांत मोठे. या पदावर त्यापूर्वी एकही स्त्री आली नव्हती. केसमान तेव्हा अवघ्या एक्केचाळीस वर्षांच्या होत्या, चार मुलींच्या आई.

जर्मनीत चर्चला प्रक्षेपणाची वेळ कायद्यानेच मिळते. शनिवारी रात्रीचे ‘वोर्ट त्सुम झोनटाग’ हे काही मिनिटांचे प्रवचन १९५४पासून चालू आहे. या राखीव वेळेत बोलणाऱ्याला कोणी आडवे प्रश्न विचारत नाही. ऐकणारेही बहुधा मुळातले श्रद्धाळूच असतात. केसमान देशभर पोचल्या त्या मात्र बातम्या, मुलाखती आणि चर्चेच्या कार्यक्रमांतून. २००६मधला स्तनाचा कर्करोग आणि २००७मधला घटस्फोट त्यांनी लपवला नाही. बिशपबाईंचा घटस्फोट अनेकांना रुचला नाही, तरी पद टिकले. ऑक्टोबर २००९मध्ये सुमारे अडीच कोटी प्रोटेस्टंटांच्या शिखर संस्थेचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. तिथेही त्या पहिल्याच स्त्री.

१ जानेवारी २०१० रोजी ड्रेस्डेनच्या फ्राउएनकिर्खमध्ये त्यांनी नववर्षाचे प्रवचन केले. जगात सारे आलबेल आहे असे म्हणवत नाही, हा त्याचा धागा. त्यात मुलांचे दारिद्र्य होते, हवामानाचा प्रश्न होता आणि ‘अफगाणिस्तानात काहीही ठीक नाही’ हे वाक्यही होते. कुंदूझजवळ जर्मन अधिकाऱ्याच्या आदेशावरून झालेल्या हवाई हल्ल्यात नागरिक मारले गेल्याला तेव्हा चारच महिने झाले होते. माध्यमांनी एवढे एकच वाक्य उचलले. राजकारण्यांनी त्यांना भोळसट ठरवले, संरक्षणमंत्र्यांनी भेटीला बोलावले. त्या मागे हटल्या नाहीत. संपूर्ण प्रवचन फारच थोड्यांनी वाचले असावे. पण एरवी चर्चच्या भिंतींआड राहिला असता असा प्रश्न त्या तुटक वाक्याने संसदेपर्यंत नेला, हेही खरे.

पुढच्याच महिन्यात, २० फेब्रुवारीच्या रात्री, हानोफरमध्ये लाल सिग्नल ओलांडणारी त्यांची गाडी पोलिसांनी अडवली. रक्तातील मद्याचे प्रमाण १.५४ प्रति हजार निघाले, जर्मनीत १.१पासून पुढे तो थेट फौजदारी गुन्हा ठरतो. बातमी फुटल्यावर शिखर संस्थेच्या कार्यकारिणीने त्यांच्यावर एकमताने विश्वास दाखवला. तरीही २४ फेब्रुवारीला कॅमेऱ्यांसमोर छोटे निवेदन करून त्यांनी दोन्ही पदे सोडली. पदाचा मान दुखावला आहे आणि नैतिक-राजकीय प्रश्नांवर पूर्वीच्या मोकळेपणाने बोलता येणार नाही, हे त्यांनी दिलेले कारण. राजीनामा कोणी मागून घेतलेला नव्हता, आणि याच गोष्टीने त्यांची लोकप्रियता उलट वाढवली.

पाद्रीपद त्यांच्याकडे राहिले. पुस्तके आणि मुलाखती चालूच होत्या. २०१७च्या धर्मसुधारणेच्या पाचशेव्या वर्धापनासाठी चर्चने २०१२पासून त्यांनाच विशेष दूत नेमले. २०१८मध्ये त्या निवृत्त झाल्या.