उसने घेतले, घरी परतले

सामुराईपट म्हटला की तलवारींचा खणखणाट आठवतो. वस्तुतः या चित्रपटांचा जीव तलवार उपसण्यापूर्वीच्या क्षणांत असतो. अकिरा कुरोसावाच्या 'सांजुरो' (१९६२) या चित्रपटाचा शेवट पाहावा. तोशिरो मिफुने आणि तात्सुया नाकादाई अगदी जवळ समोरासमोर उभे आहेत. कोणी हलत नाही, बोलत नाही. ही स्तब्धता असह्य होते, आणि मग एकाच वारात निकाल!

हे व्याकरण जगाने उसने घेतले. कुरोसावाच्या 'द हिडन फोर्ट्रेस' (१९५८) मध्ये कथा दोन भांडखोर शेतकऱ्यांच्या नजरेतून उलगडते. जॉर्ज ल्यूकसने ही युक्ती 'स्टार वॉर्स' (१९७७) साठी उचलली, आणि ते ऋण उघड मान्यही केले. शेतकऱ्यांच्या जागी दोन यंत्रमानव आले, इतकेच.

२०२१ साली हे उसने जपानला परत मिळाले. 'स्टार वॉर्स: व्हिजन्स' या मालिकेतील पहिला लघुपट 'द ड्युएल' ताकानोबू मिझुनो यांनी दिग्दर्शित केला. हा चित्रांतून साकारलेला, म्हणजे ॲनिमेशनपट. परंतु तो कृष्णधवल ठेवून त्याला जुन्या फिल्मचा रवाळपणा मुद्दाम दिलेला आहे. कथा नेहमीचीच: गावावर दरोडेखोर चालून येतात आणि वाटेवरचा एक रोनिन, म्हणजे धनी नसलेला सामुराई, मध्ये पडतो. त्याच्यासोबतच्या यंत्राच्या डोक्यावर गवती टोपी आहे. ही गंमत मला फार आवडली.

खरी करामत रंगाची आहे. बाकी बहुतेक करडे असताना प्रकाशाच्या तलवारी मात्र रंगीत दिसतात. दरोडेखोरांची म्होरकी लाल पाती असलेली छत्री गरगर फिरवते. (हा भाग मात्र गोंगाटी झाला आहे, कुरोसावाने एवढी घाई केली नसती.) मग रोनिन आपले शस्त्र उपसतो, आणि तेही लालच निघते! 'स्टार वॉर्स'च्या जगात लाल पाते दुष्टांच्या हाती असते. म्हणजे हा पूर्वी कोणाच्या चाकरीत होता? एका शब्दाशिवाय भूतकाळ सांगून टाकला. 'रोनिन' या शब्दातले सारे दुःख त्या रंगात आहे.

लढाई संपल्यावर तो म्होरकीच्या शस्त्रातला लाल खडा काढून गावच्या बालमुखियाच्या हाती ठेवतो. असे आणखी खडे त्याच्याजवळ आहेत. ते कोणाकोणाचे, हे तो बोलत नाही.