दोन ‘आर्ते’: स्पॅनिश व्याकरण, कर्णबधिरांचे शिक्षण आणि मराठी भाषाविचार

एखाद्या भाषेची रचना कशी आहे, हा प्रश्न भाषाभ्यासात नेहमीच विचारला जातो. कोणाची भाषा कोणी शिकावयाची, हा प्रश्न मात्र सामान्यतः समाजशास्त्राकडे सोपविला जातो. लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या स्पॅनिश व पोर्तुगीज विभागात अध्यापन केलेल्या भाषाविज्ञ सुझन प्लॅन यांच्या संशोधनात हे दोन्ही प्रश्न एकत्र आलेले दिसतात. त्यांचे लेखन स्पेनविषयी असले, तरी त्यातून उद्भवणारा प्रश्न मराठीच्या अभ्यासकालाही टाळता येण्यासारखा नाही.

प्लॅन यांचा १९८० मध्ये प्रसिद्ध झालेला ग्रंथ स्पॅनिशमधील संबंधी उपवाक्यांविषयी, विशेषतः ज्यांत पूर्वनाम उच्चारलेले नसते अशा उपवाक्यांविषयी आहे. ‘जो चालेल तो पोहोचेल’ या मराठी वाक्यातही नाम कोठेच येत नाही. पण त्याची जागा रचनेने राखलेली असते. पुढे त्या इतिहासाकडे वळल्या. १५५० ते १८३५ या काळातील स्पेनमधील कर्णबधिरांच्या शिक्षणावरील त्यांचा ग्रंथ १९९७ मध्ये आणि माद्रिदच्या राष्ट्रीय शाळेतील एकोणिसाव्या शतकातील व्यक्तींवरील ग्रंथ २००७ मध्ये प्रसिद्ध झाला. कर्णबधिर हा केवळ विकलांगांचा वर्ग नसून तो एक भाषिक अल्पसंख्य समाज आहे, ही या लेखनामागील भूमिका होय.

या भूमिकेमुळे परिचित इतिहासाचा अर्थ बदलतो. सोळाव्या शतकात ओन्या येथील मठात पेद्रो पोन्से दे लेओन या बेनेडिक्टीन साधूने वेलास्को घराण्यातील कर्णबधिर बंधूंना शिकविले, ही या शिक्षणाची आरंभकथा मानली जाते. मौनाच्या वेळी हे साधू आपापसांत खुणांनी बोलत असत. विचार हातांनीही व्यक्त होतो, हे ज्याच्या नित्य अनुभवाचे होते, त्याला बहिरे मूल शिकू शकते हे पटणे अवघड नव्हते. माद्रिदच्या राजकीय शाळेत १८०५ पासून चित्रकला शिकविणारे रोबेर्तो प्रादेस हे स्वतः कर्णबधिर होते. त्यांना इतिहासात पुन्हा स्थान मिळाले, याचे मोठे श्रेय प्लॅन यांच्याकडे जाते.

या दोन टप्प्यांच्या मध्ये हुआन पाब्लो बोनेत यांचा १६२० चा ग्रंथ येतो. मुक्यांना बोलावयास शिकविण्याची ‘आर्ते’, असे त्याच्या शीर्षकात म्हटले आहे. ‘आर्ते’ म्हणजे कला. परंतु त्या काळच्या स्पॅनिश-पोर्तुगीज परंपरेत व्याकरणग्रंथालाही हेच नाव असे. मराठीच्या अभ्यासकाला येथे फादर थॉमस स्टीफन्स यांचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. ‘ख्रिस्तपुराण’ हे त्यांचे मराठी काव्य १६१६ चे; त्यांचे कोकणीचे व्याकरण त्यांच्या मृत्यूनंतर १६४० मध्ये रायतूर येथे छापले गेले आणि त्याच्याही शीर्षकात ‘आर्ते’ हाच शब्द आहे. १५८० ते १६४० या काळात स्पेन व पोर्तुगाल एकाच राजाच्या अंमलाखाली होते, हेही लक्षात घेण्याजोगे आहे.

तथापि या दोन ‘आर्ते’ंची दिशा परस्परविरुद्ध आहे. स्टीफन्स यांच्या ग्रंथात शिकविणारा शिष्यांची भाषा शिकतो. बोनेत यांच्या ग्रंथात शिष्याने शिक्षकाची भाषा आत्मसात करावयाची असते. पहिल्यामागे धर्मप्रसाराचा हेतू होता, म्हणून त्याला निव्वळ औदार्य म्हणता येणार नाही. शिवाय १६८४ च्या फर्मानाने गोव्यात ही दिशाही उलटली: लोकांनी आपली भाषा सोडून पोर्तुगीज स्वीकारावी, असा आदेश निघाला. कर्णबधिरांच्या बाबतीत असाच निर्णय १८८० च्या मिलान परिषदेने केला. तेथे मौखिक पद्धतीचा पुरस्कार करून खुणांना वर्गाबाहेर काढण्यात आले.

मुंबईत बिशप लिओ म्यूरिन यांच्या पुढाकाराने कर्णबधिरांची शाळा निघाली ती १८८५ मध्ये, म्हणजे या परिषदेनंतर अवघ्या पाच वर्षांनी. भारतातील शाळांवर मौखिक पद्धतीचा प्रभाव दीर्घकाळ राहिला. विल्यम स्टोकी यांनी १९६० मध्ये अमेरिकन खुणाभाषेची घटकरचना दाखविली. १९७० च्या दशकात वसिष्ठ, वुडवर्ड व विल्सन यांनी दिल्ली, कलकत्ता, बंगलोर आणि मुंबई येथील खुणांचा अभ्यास केला. भारतीय खुणाभाषेचे व्याकरण मराठीपासून स्वतंत्र आहे. उदाहरणार्थ, तीत प्रश्नवाचक खूण सामान्यतः वाक्याच्या शेवटी येते.

कर्जतलगतच्या दहिवलीसारख्या गावी ऐकणाऱ्या घरात जन्मलेल्या कर्णबधिर मुलाचा विचार केल्यास या चर्चेचे गांभीर्य ध्यानी येते. खुणाभाषा जाणणारे कोणी भोवती नसेल, तर ते घरापुरत्या खुणा घडविते. ‘घोडा’चे ‘घोड्याला’ होते, हे इतर मुलांना कानांनी कळते. या मुलाला सामान्यरूप, तीन लिंगे आणि प्रत्यय प्रथम कागदावरच भेटतात. त्याने ‘घोडाला’ लिहिले, तर ते मतिमांद्याचे लक्षण नव्हे. दुसरी भाषा शिकणाऱ्याची ती स्वाभाविक चूक आहे. हा भेद शिक्षकाला न कळल्यास मुलाची शिकण्याची वर्षे वाया जातात.

२०१५ मध्ये दिल्लीत भारतीय खुणाभाषेचे संशोधन व प्रशिक्षण केंद्र स्थापन झाले आणि २०१६ च्या कायद्याने संवादाच्या साधनांत खुणाभाषेचा समावेश केला. दादोबा पांडुरंगांच्या १८३६ च्या व्याकरणापासून दामल्यांच्या १९११ च्या ग्रंथापर्यंत मराठी व्याकरणाने भाषा ऐकणारा वाचकच गृहीत धरला. हातांनी विचार करणाऱ्या विद्यार्थ्यासाठी मराठीचे व्याकरण लिहावयाचे, तर लिहिणाऱ्याने आधी त्याची भाषा शिकली पाहिजे. मराठी विभागांपुढील हे कार्य आहे.