खाऱ्या हवेतला प्लेस्टेशन

समुद्राकाठच्या घरात विजेच्या वस्तूंना आयुष्य कमी. अलिबागहून रेवदंड्याचा पूल ओलांडून, कोर्लई मागे टाकून काशीदला आलात की सुरूच्या बनापलीकडे पांढरी वाळू दिसते. याच सुंदर किनाऱ्यावरची हवा घराघरांतले स्क्रू गंजवते, रिमोटमधल्या पट्ट्यांवर हिरवा थर चढवते आणि पावसाळ्यात बंद कपाटातल्या डीव्हीडींवर बुरशी आणते. तिथल्या एका घरगुती होमस्टेमध्ये टीव्हीखाली मला प्लेस्टेशन २ दिसला. पाहुण्यांच्या मुलांसाठी कधीकाळी मुंबईहून आणलेला, दुकानातच नकली डिस्का चालवणारी चिप लावून घेतलेला. दिवा हिरवा लागायचा, डिस्क आत फिरायची आणि थोड्या वेळाने पडद्यावर यायचे की डिस्क वाचता येत नाही. लेन्स थकली होती.

शेजारच्या पाऊचमध्ये बऱ्याच डिस्का होत्या. बहुतेक मार्करने नाव लिहिलेल्या नकली. पण त्यांत तीन अस्सल होत्या: ‘हनुमान: बॉय वॉरियर’, ‘देसी अड्डा’ आणि ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’. हा लेख लिहावासा वाटला तो या तीन डिस्कांमुळे.

प्लेस्टेशन २ जपानमध्ये ४ मार्च २००० रोजी आला. जगभरात त्याचे पंधरा कोटींहून अधिक नग विकले गेले. इतका खप फार थोड्या गेम यंत्रांच्या वाट्याला आला आहे. आपल्याकडे तो मध्यमवर्गीय घरांत पोहोचला तो उशिरा, आणि परदेशात त्याच्या पुढचे यंत्र आल्यावरही आपल्याकडे टिकून राहिला. म्हणूनच सोनीने भारतीय बाजारासाठी भारतात तयार झालेले खेळ काढायला सुरुवात केली तीही याच यंत्रावर. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजने केलेला ‘हनुमान’ २००९ मध्ये आला. संपूर्णपणे भारतात घडवलेला हा प्लेस्टेशन २ वरचा पहिला खेळ. त्याच वर्षी गेमशास्त्रचा ‘देसी अड्डा’ आला, कबड्डी आणि विटीदांडूसारखे आपले अंगणातले खेळ घेऊन. मुंबईच्या ट्राइन गेम्सने २०१० मध्ये ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ काढला, २०११ मध्ये ‘रा.वन’. जानेवारी २०१३ मध्ये प्लेस्टेशन २ चे उत्पादन थांबले, तरी त्या वर्षीही ‘डॉन २’ या यंत्रासाठी निघाला.

हे खेळ कलाकृती म्हणून फार थोर नव्हते. त्या काळच्या समीक्षकांनी त्यांना फारसे गुण दिले नाहीत, आणि खेळून पाहिल्यावर मलाही त्यांचे म्हणणे पटते. पण भारतीय प्रोग्रामर मंडळी कन्सोलसाठी खेळ लिहायला शिकली ती अशा कामांतून. अशी सुरुवातीची कामे जपली नाहीत तर काय होते, ते आपण चित्रपटांत पाहिले आहे. ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागला, आणि आज त्याची एकही प्रत उरलेली नाही. चित्रपटांसाठी पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झाले ते १९६४ मध्ये, तोवर बरेच हातचे गेले होते. पुस्तके आणि वृत्तपत्रे ठरावीक ग्रंथालयांना देणे १९५४ च्या कायद्याने बंधनकारक आहे. खेळांच्या डिस्कांना असा कोणताही कायदा लागू नाही. त्या उरतील त्या लोकांच्या कपाटात, आणि तिथे बुरशी आहे.

लेन्स मेलेल्या यंत्रावर खेळ चालवायचा तर डिस्कशिवाय चालवावा लागतो. इथे होमब्रू कामी येते. यंत्राच्या कंपनीची परवानगी वा सही नसलेले, हौशी माणसांनी स्वतःच्या गरजेसाठी लिहिलेले सॉफ्टवेअर म्हणजे होमब्रू. प्लेस्टेशन २ वर ते बसवण्याची वाट मोठी रंजक आहे आणि ती कंपनीच्या एका जुन्या सोयीतून निघाली. जपानमधल्या सुरुवातीच्या यंत्रांना डीव्हीडी चित्रपट दाखवणारे सॉफ्टवेअर मेमरी कार्डावर दिलेले होते. त्यामुळे यंत्र सुरू होताना मेमरी कार्डावर काही सुधारणा आली आहे का, हे पाहण्याची सवय त्याच्या मूळ प्रणालीतच घातलेली होती. २००८ मध्ये आलेल्या ‘फ्री मॅकबूट’ने हाच दरवाजा वापरला. आठ एमबीच्या कार्डावर ते बसवले की यंत्र त्याला सुधारणा समजून चालू करते. सोल्डरिंग नाही, यंत्र उघडणे नाही, कार्ड काढले की यंत्र पूर्वीसारखे.

एक अडचण मात्र आहे. ती फाइल त्या विशिष्ट कार्डाच्या ओळखीशी कुलूपबंद केलेली असते. संगणकावरून एका कार्डाची प्रत दुसऱ्यावर उतरवून भागत नाही, कार्ड खऱ्या प्लेस्टेशनमध्येच तयार करावे लागते. मग पहिले कार्ड कसे करायचे? पूर्वी बहुतेकांना कोणाकडून तरी तयार कार्ड मिळवावे लागे. जून २०२० मध्ये सीटर्ट या नावाने काम करणाऱ्या संशोधकाने ‘फ्री डीव्हीडी बूट’ जाहीर केले. यंत्रातल्या डीव्हीडी प्लेअरला चित्रपटाची माहिती वाचताना अतिरिक्त मजकूर भरवून त्याचा तोल घालवायचा आणि आपला प्रोग्राम सुरू करायचा, ही त्याची युक्ती. कोऱ्या डीव्हीडीवर ते उतरवले की काम होते. 

काशीदच्या यंत्राला डीव्हीडीचा मार्ग बंदच होता, कारण लेन्स. म्हणून कार्ड मी पुण्यात दुसऱ्या प्लेस्टेशनवर तयार करून नेले. कार्ड घातले, यंत्र लावले, आणि मेनूत नव्या ओळी आल्या. त्यांतल्या दोन महत्त्वाच्या. ‘यूलाँच एल्फ’ हा फाइली पाहण्याचा, हलवण्याचा आणि पेन ड्राइव्हवरचा प्रोग्राम चालवण्याचा प्रोग्राम. ‘ओपन पीएस टू लोडर’, ज्याला सगळे ओपीएल म्हणतात, तो खेळाची प्रतिमा पेन ड्राइव्ह, हार्ड डिस्क किंवा घरातल्या नेटवर्कवरून यंत्राला अशी देतो की यंत्राला ती खरी डिस्कच वाटते. पेन ड्राइव्हचा मार्ग सर्वांत सोपा आणि सर्वांत संथ. प्लेस्टेशन २ चे यूएसबी जुन्या पिढीचे, सेकंदाला फार तर बारा मेगाबिट. त्यामुळे खेळ चालतो, पण मधले चलत्चित्र अडखळते. जुन्या जाड मॉडेलमध्ये मागे हार्ड डिस्क बसते, तिथे हा त्रास नाही. होमस्टेतले मॉडेल पातळ होते, तेव्हा अडखळणे सोसले.

अस्सल डिस्का आधी कोमट साबणाच्या पाण्याने धुतल्या, मध्यापासून कडेकडे मऊ कापडाने पुसल्या आणि लॅपटॉपच्या डीव्हीडी ड्राइव्हने त्यांच्या प्रतिमा काढल्या. ‘हनुमान’ आला. ‘स्ट्रीट क्रिकेट’ बऱ्याच वेळाने आला. ‘देसी अड्डा’ आलाच नाही, बुरशी कडेच्या थरात शिरली होती. नकली डिस्कांना मी हात लावला नाही.

इथे कायद्याचे बोलायला हवे, कारण ‘मॉडेड’, म्हणजे फेरफार केलेले यंत्र म्हटले की लोकांना चोरीच आठवते. आठवण चुकीची नाही. आपल्याकडे चिप लावली जात होती ती बहुतांश नकली डिस्का चालवायलाच, आणि आजही पाचशे खेळ भरलेली हार्ड डिस्क विकणारे आहेत. ते सरळ चोरीचे काम आहे. पण होमब्रू आणि नकली खेळ एका दरवाजातून येतात म्हणून ते एक होत नाहीत. भारताच्या १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्यात २०१२ मध्ये कलम ६५ अ घातले गेले. तांत्रिक संरक्षण मोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड आहे, मात्र ते हक्कभंगाच्या हेतूने मोडले असेल तर. कायद्याने स्पष्ट मनाई न केलेल्या कारणासाठी केलेली कृती त्यातून वगळली आहे, सुरक्षा चाचणीही वगळली आहे. कलम ५२ संगणक प्रोग्रामच्या कायदेशीर धारकाला हानी वा नाशापासून बचाव म्हणून राखीव प्रत काढू देते, प्रोग्रामचे काम कसे चालते हे पाहू-तपासू देते. अमेरिकेचा १९९८ चा कायदा याहून कठोर आहे. तिथे कुलूप मोडण्यालाच मुळात मनाई आहे आणि सवलती दर तीन वर्षांनी नव्याने मागाव्या लागतात. आपल्या कायदेमंडळाने हेतूला महत्त्व दिले, हा मला शहाणपणाचा निर्णय वाटतो.

कंपन्यांनीही एके काळी हे दार स्वतः उघडले होते. सोनीने प्लेस्टेशन २ साठी लिनक्सचा संच विकला. प्लेस्टेशन ३ वर दुसरी प्रणाली बसवण्याची सोय दिली आणि १ एप्रिल २०१० च्या सुधारणेने ती काढूनही घेतली. त्याविरुद्ध ग्राहकांनी न्यायालयात धाव घेतली. मायक्रोसॉफ्टच्या पहिल्या एक्सबॉक्सवर हौशी लोकांनी लिहिलेला चित्रपट-गाण्यांचा प्रोग्राम पुढे २०१४ मध्ये ‘कोडी’ झाला आणि आज कितीतरी घरांतल्या टीव्हीवर चालतो. त्याचा जन्म बदल केलेल्या गेम यंत्रात झाला, हे तो वापरणाऱ्यांना सांगितले तर खरे वाटत नाही.

पण काशीदला मला सर्वांत मोलाचे वाटले ते वेगळेच. खेळ सुरू झाल्यावर घरच्या वहिनी म्हणाल्या, “दादा, पाहुण्यांचा पहिला प्रश्न असतो, भरती किती वाजता. ते सांगेल का हे?” काशीदचा समुद्र दिसतो तेवढा सौम्य नाही, पावसाळ्यात तर मुळीच नाही, आणि इथे माणसे बुडालेली आहेत. प्रश्न खरा होता. त्यांचा मुलगा डिप्लोमाला आहे, सी भाषा त्याला येते. प्लेस्टेशन २ साठी प्रोग्राम लिहायला लागणारी साधने मोफत आहेत, ‘पीएस टू एसडीके’ या नावाने. लॅपटॉपवर लिहायचे, त्याची फाइल बनवायची, पेन ड्राइव्हवर टाकायची आणि यूलाँच एल्फमधून सुरू करायची.

भरतीचे गणित कोकणात आधीपासून आहे. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. पहाटे एकदा आणि दुपारनंतर एकदा. हा हिशेब तोंडी करायला उत्तम, पण पौर्णिमेला तो सव्वाअकरा सांगतो आणि भरती तर बाराच्या सुमारास असते. चंद्राच्या पंधरा तिथींत भरतीची वेळ सुमारे बारा तास सरकते, म्हणजे तिथीमागे ४८ मिनिटे. डोक्याला ४५ सोपे, यंत्राला ४८ काहीच जड नाही. मुलाने प्रोग्राममध्ये ४८ धरले: चतुर्थी तीन वाजून बारा मिनिटे, अष्टमी सहा चोवीस, पौर्णिमा बारा. यंत्राला तारीख कळते, तिथी कळत नाही. म्हणून कंट्रोलरच्या बाणांनी तिथी निवडायची आणि पडद्यावर भरती-ओहोटीच्या वेळा पाहायच्या. वेळा अंदाजाच्या आहेत. पाण्यात उतरायचे की नाही, हे किनाऱ्यावरच्या जीवरक्षकालाच विचारायचे, ही ओळही त्याने खाली घातली.

घोटाळा झाला तो मराठीत. साध्या प्रोग्रामला अक्षरांमागे अक्षरे मांडता येतात. देवनागरीला तेवढे पुरत नाही. ‘तिथी’मधली ऱ्हस्व वेलांटी साठवली जाते ‘त’च्या नंतर आणि दाखवायची असते त्याच्या आधी. जोडाक्षरांत तर अख्खा आकार बदलतो. मोठ्या संगणकांवर हे काम स्वतंत्र प्रोग्राम करतो. ३२ एमबी स्मृतीच्या या यंत्रासाठी तो जुळवत बसण्यापेक्षा आम्ही लागणारे शब्द लॅपटॉपवर चित्रे म्हणून तयार केले आणि तीच प्रोग्रामला दिली. अक्षरे घेतली मुंबईच्या ‘एक टाइप’ या संस्थेने घडवलेल्या मुक्त ‘मुक्ता’ फॉन्टची. त्याआधी, २००४ मध्ये, पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकचे लोहित फॉन्ट रेड हॅटने मुक्त परवान्याखाली खुले केले होते. मराठी अक्षरे यंत्रांवर मोकळेपणी फिरतात ती अशा कामांमुळे, आणि त्याचे ऋण मानायला हवे.

मग टीव्हीच्या पिवळ्या-लाल-पांढऱ्या वायरीतून पडद्यावर मराठीत भरतीची वेळ आली. जगातली कोणतीही कंपनी काशीदच्या भरतीसाठी प्लेस्टेशनचा प्रोग्राम लिहिणार नव्हती. तो काशीदच्याच मुलाने लिहिला, कारण यंत्र त्याचे होते आणि ते त्याच्यासाठी उघडे होते.

ज्यांना हे करून पाहायचे असेल त्यांना थोडे सांगतो. नवे, इंटरनेटला जोडलेले कन्सोल यासाठी घेऊ नका. कंपनी ते आपल्या नेटवर्कवरून कायमचे बाहेर काढू शकते आणि नुकसान मोठे होते. जुना प्लेस्टेशन २ घ्या. घेताना मॉडेल पाहा, शेवटच्या काही ९०००० मालिकेच्या यंत्रांत मेमरी कार्डाचा हा दरवाजा बंद केलेला आहे, त्यांना दुसरा मार्ग लागतो. तयार खेळ भरलेली डिस्क विकत घेऊ नका. समुद्राजवळ राहत असाल तर यंत्र वापरात नसताना कोरड्या, बंद डब्यात ठेवा.

आणि एक विनंती. माळ्यावरच्या खोक्यात ‘हनुमान’, ‘देसी अड्डा’, ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’, ‘रा.वन’ किंवा ‘डॉन २’ यांची अस्सल डिस्क असेल, तर ती रद्दीवाल्याला देऊ नका. धुऊन, वाळवून कोरड्या जागी ठेवा, आणि वाचता येते आहे तोवर, म्हणजे येत्या सुट्टीतच, तिची एक राखीव प्रत काढून घ्या. काशीदच्या ‘देसी अड्डा’साठी आम्हाला उशीर झाला.