गोट्यांचा किनारा : ज्याँ रोलँचे भयपट

ज्याँ रोलँ या फ्रेंच दिग्दर्शकाच्या चित्रपटांत एक समुद्रकिनारा पुन्हापुन्हा येतो. नॉर्मंडीत दिएप बंदराजवळ पूर्व्हील नावाचे गाव आहे, त्याचा हा किनारा. तिथे वाळूपेक्षा गोटेच दिसतात. मागे खडूच्या दगडाचे पांढरे उंच कडे आणि पुढे लाटा अडवण्यासाठी रोवलेले, खाऱ्या पाण्याने काळे पडलेले लाकडी खांब. क्लोद मोनेने १८८२ मध्ये याच कड्यांची उजळ, वाऱ्याने भरलेली चित्रे रंगवली. रोलँच्या कॅमेऱ्यापुढे मात्र तोच किनारा जगाच्या शेवटच्या टोकासारखा दिसतो. कथा पॅरिसमध्ये घडत असो, पडक्या किल्ल्यात किंवा स्मशानात, पात्रे अखेर इथे येऊन पोहोचतात, आणि बरेचदा मरण्यासाठीच येतात.

नग्न व्हॅम्पायर बायकांचे स्वस्त सिनेमे काढणारा माणूस, एवढीच रोलँची ओळख कित्येक वर्षे होती. ती खोटी नाही, पण फार अपुरी आहे. निर्माते पैसे देत ते नग्नतेसाठी. रोलँने ती अट भाड्यासारखी चुकती केली आणि त्या भाड्याच्या घरात लहानपणापासून मनात साठलेली चित्रे टांगली. त्याचा सिनेमा समजून घ्यायचा, तर आधी ही चित्रे कुठून आली ते पाहावे लागते.

रोलँचा जन्म ३ नोव्हेंबर १९३८ रोजी पॅरिसला लागून असलेल्या न्यूयी-सुर-सेन इथला. वडील नाटकात काम करत. आईची लेखक जॉर्ज बताय याच्याशी जवळीक होती आणि बताय घरी आला की रात्री आपल्याला गोष्टी सांगायचा, अशी आठवण रोलँ पुढे सांगत असे. शृंगार आणि मृत्यू यांचे नाते हा ज्याच्या लेखनाचा गाभा, त्याच्या तोंडून ऐकलेल्या गोष्टी. त्यांच्या जोडीला शाळकरी वयात पाहिलेले अमेरिकी हप्तेबंद चित्रपट होते. दर आठवड्याला नायक मरणाच्या दाढेत सापडायचा आणि पुढच्या आठवड्यात काही स्पष्टीकरण न देता सुटायचा. गोष्ट तर्काने नव्हे, आश्चर्याने पुढे न्यायची, ही खोड रोलँला तिथेच लागली. पुढे लुई फयादच्या मूकपटांनी ती पक्की केली. काळ्या घट्ट पोशाखात पॅरिसच्या छपरांवरून फिरणाऱ्या फयादच्या गुन्हेगार बायका रोलँच्या नायिकांच्या थोरल्या बहिणी शोभतात. ‘ऑपेराचे भूत’ लिहिणाऱ्या गास्ताँ लेरूवर त्याने ‘मिदी-मिन्वी फाँतास्तिक’ या मासिकात दीर्घ अभ्यासलेख लिहिला. क्लोव्हिस त्रुई हा अतिवास्तववाद्यांना प्रिय असलेला चित्रकार तर त्याच्या चौकटींत थेट दिसतो: तसेच भडक रंग, तशाच थडग्यांमध्ये वावरणाऱ्या अर्धनग्न स्त्रिया.

लष्करी सेवेत तो सैन्याच्या चित्रपट विभागात होता. १९५८ साली त्याने पहिला लघुपट केला तो त्रिस्ताँ कॉर्बिएर या कवीवरून, आणि चित्रण केले नॉर्मंडीच्या याच किनाऱ्यावर. लेखिका मार्गरित द्युरासने संवाद लिहिलेला एक चित्रपट पैशांअभावी अर्धवट राहिला. १९६७ मध्ये एरिक लोस्फेल्ड या धाडसी प्रकाशकाने काढलेल्या ‘सागा द झाम’ या चित्रकथेची संहिता रोलँची होती. एकोणतीस वर्षांचा होईस्तोवर त्याच्या नावावर एकही पूर्ण लांबीचा चित्रपट नव्हता.

पहिला आला तो अपघातानेच. एका जुन्या अमेरिकी व्हॅम्पायरपटाची लांबी कमी पडत होती. त्याला जोडायला एक लघुपट हवा म्हणून रोलँला काम मिळाले; निर्माता होता सॅम सेल्स्की. लघुपट बरा वाटला, तेव्हा तो वाढवून पूर्ण चित्रपट करायचे ठरले. अडचण एवढीच की पहिल्या भागाच्या शेवटी सगळी प्रमुख पात्रे मेलेली होती. रोलँने किनाऱ्यावर व्हॅम्पायरांची राणी आणली, मेलेल्यांना उठवले आणि गोष्ट पुढे चालू ठेवली. हप्तेबंद चित्रपटांचे संस्कार कामी आले ते असे. ‘ल व्हिओल द्यू व्हाँपीर’ हा कृष्णधवल चित्रपट मे १९६८ च्या शेवटी पॅरिसमध्ये लागला. शहरात विद्यार्थ्यांचे आंदोलन पेटले होते, देशभर संप होता आणि नवे चित्रपट लागतच नव्हते. त्यामुळे गर्दी झाली. पण धड कथा नसलेला हा प्रकार पाहून प्रेक्षक खवळले, आरडाओरडा झाला, पडद्यावर वस्तू फेकल्या गेल्या. समीक्षकांनी झोडपले. फिलिप द्रुइये या चित्रकाराने काढलेले त्याचे भित्तिपत्रक मात्र आज संग्राहक जपून ठेवतात.

पुढच्या तीन-चार वर्षांत रोलँने तीन रंगीत व्हॅम्पायरपट केले आणि त्यांतून त्याची शैली ठरली. ‘ला व्हाँपीर न्यू’ (१९७०) मध्ये प्राण्यांचे मुखवटे घातलेली माणसे निर्मनुष्य पॅरिसमध्ये एका मुलीचा पाठलाग करतात. व्हॅम्पायर समजले जाणारे लोक शेवटी माणसाच्या पुढच्या अवस्थेतले जीव ठरतात, आणि रंगमंचाचा पडदा सारला की पलीकडे तोच किनारा लागतो. ‘ल फ्रिसाँ दे व्हाँपीर’ (१९७१) मध्ये एक नवपरिणीत जोडपे जुन्या किल्ल्यात येते. मध्यरात्री खोलीतल्या उंच लाकडी घड्याळाचे दार उघडते आणि आतून व्हॅम्पायर स्त्री बाहेर येते. रोलँचे सगळ्यांत प्रसिद्ध दृश्य हेच. त्याला ना खर्च लागला, ना यंत्राची करामत. ओळखीची वस्तू, चुकीच्या जागेतून येणारी बाई आणि मध्यरात्रीची वेळ, एवढ्यात काम झाले. ‘रेक्विएम पूर अँ व्हाँपीर’ मध्ये विदूषकाच्या वेशातल्या दोन मुली मोटारीतून पळताना दिसतात. त्या कोण, कशापासून पळताहेत, हे कोणी सांगत नाही, आणि पहिला बराच वेळ चित्रपट जवळजवळ मुका राहतो. तेवढा भाग अतिशय सुंदर आहे. नंतर मात्र तळघरात साखळदंडांनी बांधलेल्या बायकांचा एक लांबलचक प्रसंग येतो. तो केवळ गल्ल्यासाठी घातलेला वाटतो, आणि तो पाहवत नाही.

इथे रोलँच्या उणिवा स्पष्ट सांगायला हव्यात. नट बहुधा हौशी, त्यामुळे संवाद पाठ केल्यासारखे येतात. मारामारी पोरखेळ वाटते. चित्रण दोन-चार आठवड्यांत उरकलेले असते आणि ते जाणवते. स्त्रियांवरील अत्याचाराची काही दृश्ये कोणत्याही कलात्मक कारणाने समर्थनीय ठरत नाहीत. तरी स्पेनच्या जेस फ्रँकोसारख्या समकालीनांहून तो वेगळा पडतो. फ्रँकोने दीडशेहून अधिक चित्रपट काढले. झूम भिंग सतत आत-बाहेर करणारा त्याचा कॅमेरा अस्वस्थ असतो. रोलँचा कॅमेरा थांबतो. जागा निवडण्यात त्याची नजर अचूक आहे. पडका वाडा, रिकामा फलाट, धुक्यातली द्राक्षबाग यांना तो इतका वेळ देतो की माणसांपेक्षा जागाच पात्र होऊन बसते.

याचे सर्वोत्तम उदाहरण म्हणजे ‘ला रोझ द फेर’ (१९७३), म्हणजे लोखंडी गुलाब. यात व्हॅम्पायर नाही, राक्षस नाही, जवळजवळ काहीच नाही. एका लग्नसमारंभात ओळख झालेले तरुण-तरुणी फिरत फिरत स्मशानात शिरतात आणि एका तळघरवजा थडग्यात उतरतात. वर येतात तोवर रात्र झालेली असते आणि बाहेरची वाट काही केल्या सापडत नाही. चित्रण अमिआँ शहरातल्या जुन्या, झाडीने गच्च भरलेल्या स्मशानभूमीत झाले. तरुण चिडतो, घाबरतो, शिव्या देतो. ती मात्र हळूहळू निवळत जाते. मेलेलेच आपले खरे सोबती, असे तिला वाटू लागते. ती त्याला थडग्यात कोंडते, पहाटेच्या उजेडात थडग्यांमधून नाचते आणि मग स्वतःही खाली उतरते. फ्रान्स्वाज पास्कालने ही भूमिका इतक्या शांत निश्चयाने केली आहे की शेवट भयानक वाटण्याऐवजी घरी परतल्यासारखा वाटतो. रोलँने हा चित्रपट मनापासून केला होता आणि तो साफ कोसळला. एका महोत्सवात प्रेक्षकांनी हुर्यो उडवली. त्यानंतर पोटासाठी रोलँने टोपणनावांनी अश्लीलपट काढले.

‘लेव्र द साँ’ (१९७५) मध्ये त्याच्या सिनेमाचे मूळ सूत्र उघड होते: आठवण. एका समारंभात भिंतीवरच्या जाहिरातीत पडका किल्ला पाहून नायकाला लहानपण आठवते. तिथे एका रात्री पांढऱ्या वेशातल्या मुलीने त्याला आसरा दिला होता. आई म्हणते, असे काही घडलेच नाही. तो मोकळ्या, झोपलेल्या पॅरिसमधून त्या किल्ल्याचा शोध घेत हिंडतो. शेवटी ती दोघे पूर्व्हीलच्या किनाऱ्यावर एकाच शवपेटीत शिरतात आणि ओहोटीबरोबर समुद्रात निघून जातात. हा चित्रपटही चालला नाही. पैसे वसूल व्हावेत म्हणून त्यातल्याच दृश्यांत अश्लील तुकडे जोडून दुसरा चित्रपट बाजारात आणावा लागला. रोलँच्या धंद्याची सारी दैना या एका घटनेत दिसते.

‘ले रेझँ द ला मॉर’ (१९७८) मध्ये द्राक्षबागेवर फवारलेल्या कीटकनाशकामुळे वाइन पिणारे गावकरी सडू लागतात. फ्रान्समधला पहिला रक्तबंबाळ भयपट म्हणून त्याचा उल्लेख होतो, पण आठवते ते सेव्हेन डोंगरांतले उजाड, थंड पठार. पुढच्या वर्षीचा ‘फासिनास्याँ’ त्याचा सर्वांत रेखीव चित्रपट. काळ १९०५ चा. पंडुरोगावर उतारा म्हणून खाटीकखान्यात जाऊन बैलाचे ताजे रक्त पिणाऱ्या प्रतिष्ठित बायका. रक्तक्षयावरचा असा उपचार त्या काळात खरोखर केला जाई. त्या बायकांना औषधाची हळूहळू चटक लागते. काळा झगा घालून हातात विळा घेतलेली ब्रिजित लाए पुलावरून चालत येते, ते दृश्य पुढे पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर गेले. लाए अश्लीलपटांतून आलेली. तिच्यातली अभिनेत्री ओळखली ती रोलँने.

‘ला मॉर्त व्हिव्हाँत’ (१९८२) हा भावनेच्या दृष्टीने सर्वांत तीव्र. तळघरात सांडलेल्या विषारी रसायनाने मृत कॅथरीन उठते. तिला जगायला रक्त हवे. बालपणी रक्ताची शपथ घेतलेली मैत्रीण एलेन तिच्यासाठी माणसे आणून देते. पण कॅथरीनची स्मृती परतते तशी तिची लाजही परतते, आणि तिला पुन्हा मरायचे असते. जिवंत मैत्रीण राक्षसी होत जाते, मेलेली माणूस होत जाते. अखेर एलेन स्वतःलाच तिच्या स्वाधीन करते. फ्रान्स्वाज ब्लाँशारचा शेवटचा आक्रोश रोलँच्या अभिनेत्यांवरचे सगळे आरोप विसरायला लावतो.

फ्रान्सने ज्याची थट्टा केली, त्याला मान मिळाला इंग्लंड-अमेरिकेत. नव्वदच्या दशकात लंडनच्या रिडेम्प्शन कंपनीने त्याचे चित्रपट व्हिडिओवर आणले. १९९४ मध्ये कॅथल टोहिल आणि पीट टॉम्ब्स यांच्या ‘इम्मॉरल टेल्स’ या ग्रंथात त्याला स्वतंत्र प्रकरण मिळाले. तोवर तो मूत्रपिंडाच्या विकाराने खचला होता, तरी त्याने स्वतःच्याच कादंबरीवरून १९९७ मध्ये दोन अनाथ व्हॅम्पायर मुलींचा चित्रपट केला. दिवसा आंधळ्या असलेल्या या दोघींना रात्री दिसू लागते. २००७ च्या ‘ला न्वी देझ ऑर्लोज’ मध्ये एक तरुणी मृत दिग्दर्शक नातेवाइकाच्या घरी येते आणि त्याच्या जुन्या चित्रपटांतली पात्रे तिला भेटत राहतात. घड्याळही परत येते. १५ डिसेंबर २०१० रोजी पॅरिसमध्ये रोलँचे निधन झाले. पेर-लाशेझ स्मशानभूमीत त्याचे थडगे आहे.

२०१७ मध्ये ‘लॉस्ट गर्ल्स’ हा त्याच्यावरचा लेखसंग्रह आला, तो पूर्णपणे स्त्री समीक्षकांनी लिहिलेला. पुरुषांच्या करमणुकीसाठी विकल्या गेलेल्या या चित्रपटांकडे तो स्त्रियांच्या नजरेने पाहतो, आणि त्या नजरेला सापडते ते बरेच आहे. रोलँच्या जोड्या बहुधा दोन मुलींच्या असतात. एकमेकींचा हात त्या शेवटपर्यंत सोडत नाहीत आणि त्यांच्या जगात पुरुष पाहुण्यासारखा येतो.