कुंडीखालची ग्रीष्मनिद्रा

मे महिन्यात मुंबईतल्या डिलाईल रोडवरच्या एखाद्या चाळीच्या आवारातली तुळशीची कुंडी उचलून बघा. खाली तपकिरी पट्ट्यांचा, बोटाएवढा लांब शंख दिसू शकतो. त्याच्या तोंडावर कागदासारखा पातळ, पांढरट पापुद्रा असेल. शंख रिकामा वाटला, तरी आत आफ्रिकन शंखी गोगलगाय जिवंत आहे. ती ग्रीष्मनिद्रेत गेली आहे.

शीतनिद्रा शाळेत सगळ्यांनी वाचलेली असते. ही तिची उन्हाळी बहीण. शास्त्रज्ञ तिला ‘एस्टिव्हेशन’ म्हणतात. लॅटिनमध्ये ‘एस्टास’ म्हणजे उन्हाळा. शीतनिद्रेत काळजी थंडीची आणि अन्नाची, इथे सगळी काळजी पाण्याची. गोगलगायीचं उघडं अंग सतत ओल गमावतं. म्हणून हवा कोरडी झाली की ती शंखात आखडून घेते आणि अंगातल्या चिकट द्रवाचा पडदा तोंडावर वाळू देते. मग शरीराचा सगळा कारभार मंदावतो. श्वासाचं छिद्रही मधूनमधूनच उघडतं, कारण प्रत्येक श्वासाबरोबर थोडी वाफ बाहेर जाते.

हे किती ताणता येतं? इजिप्तच्या वाळवंटातली एक गोगलगाय मेलेली समजून ब्रिटिश म्युझियममध्ये १८४६ साली पुठ्ठ्यावर चिकटवली होती. १८५० साली तिला कोमट पाण्यात ठेवलं, तर ती चालू लागली! आफ्रिकेतला फुप्फुसमासा तळं आटताना चिखलात शिरून स्वतःभोवती कोश करतो. अमोनिया बाहेर टाकायला पाणी नसतं, म्हणून तो त्याचा कमी विषारी युरिया करून साठवतो. कोकणातल्या कुर्ल्याही उन्हाळा बिळात काढतात आणि पहिल्या पावसाला बाहेर पडतात.

आपली कुंडीखालची पाहुणी मात्र इथली नव्हे. मॉरिशसहून आणलेल्या या गोगलगायी १८४७ साली कोलकात्यात सोडल्या गेल्या आणि तिथून देशभर पसरल्या. त्यांच्या यशात या झोपेचा वाटा मोठा आहे, असं मला वाटतं. कोरडे महिने निभावून त्या जाग्या होतात त्या नेमक्या कोवळी रोपं उगवतात तेव्हा. २०२२ च्या पावसाळ्यात लातूर, बीड, धाराशिवकडच्या शेतकऱ्यांचं सोयाबीन गोगलगायींनी उगवताच खाऊन टाकलं. काहींना पुन्हा पेरणी करावी लागली. उन्हाळी नांगरट करायला सांगतात ती याचसाठी: जमिनीत दडलेल्या गोगलगायी आणि त्यांची अंडी उन्हात उघडी पडतात.

शहरातही हीच वेळ साधायला हवी. जागी झालेली एक गोगलगाय एका वेळी शंभरावर अंडी घालू शकते. तेव्हा पावसाआधी कुंड्यांखाली, विटांच्या ढिगाऱ्यांत, भिंतीच्या सांदीत शोधा. हातात मोजे घालूनच उचला, कारण तिच्या अंगात माणसाच्या मेंदूपर्यंत पोचणारा जंत असू शकतो. सापडलेल्या गोगलगायी मिठाच्या किंवा साबणाच्या दाट पाण्यात टाका. इथल्या छोट्या, निरुपद्रवी गोगलगायींना मात्र हात लावू नका.