पिसू दिसली नाही, म्हणजे नव्हती का?

मंडळी, मांजराच्या पोटावरचे केस विरळ झाले, की आपण अंगावर पिसवा शोधतो. सापडत नाहीत, मग म्हणतो, 'ताण आला असेल हो तिला.' इथे आपली गडबड होते. 'दिसत नाही, म्हणून नाही' असं म्हणायला आपल्या तर्कशास्त्रात एक अट आहे, योग्यानुपलब्धीची: ती वस्तू असती तर नक्की दिसली असती, अशी स्थिती हवी. पिसवांबाबत ती नसते. मांजराच्या जिभेवर मागे वळलेले काटे असतात. चाटता चाटता ते पिसू गिळून टाकतं. ॲलर्जी असली तर थोडे चावेही पुरतात.

मात्र खुणा उरू शकतात. बारीक फणीने निघालेले काळे कण ओल्या कापसावर लालसर झाले, तर ती पिसवांची विष्ठा. धूर दिसला, अग्नी कळला!

२००६ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात, मानसिक कारणाचा संशय असलेल्या २१ मांजरांपैकी निव्वळ मानसिक कारण निघालं फक्त दोघांत. तेव्हा आधी पशुवैद्याकडे जाऊ या. आणि कुत्र्याचं पिसवांचं औषध मांजराला कधीच लावायचं नाही. त्यात परमेथ्रिन असेल तर ते जिवावर बेततं. 'ताण' हे उत्तर खरं असेलही, पण ते शेवटी द्यायचं.