काळनिसाचे दप्तर

जुन्या कारभारात फडणीस, चिटणीस, पारसनीस असे हुद्दे असत, हे तुम्ही इतिहासात वाचलेच आहे. त्यांत आपण कल्पनेने आणखी एका हुद्द्याची भर घालू या. त्याचे नाव ‘काळनीस’. त्याची कामे दोन. गेलेल्या प्रत्येक क्षणाची नोंद दप्तरात करायची, आणि काळाची चाल कोठे घसरली तर ती सावरायची. “असला माणूस परीकथेतच शोभायचा!” असे तुम्ही म्हणाल. पण यात काल्पनिक आहे ते फक्त नाव. हे काम करणारी माणसे पूर्वी होती आणि आजही आहेत.

वाटी बुडाली, घटका भरली

आपल्याकडचा जुना काळनीस घटिकापात्रापाशी बसे. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडायची. भोकातून पाणी आत शिरून वाटी बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटे झाली. अशा ६० घटका म्हणजे एक अहोरात्र. लग्नाचा मुहूर्तही असाच साधत. मात्र भोकात कचरा अडकला की घटका लांबे आणि भोक झिजून मोठे झाले की ती आखूड होई. म्हणून शेवटचा हिशेब सूर्याशीच जुळवावा लागे.

वेळेची विक्री!

लंडनमध्ये तर एक बाई चक्क वेळ विकत असे. तिचे नाव रूथ बेल्व्हिल. ग्रिनिच वेधशाळेत जाऊन ती आपले घड्याळ तेथील घड्याळाशी ताडून घेई. मग गावभर फिरून, वर्गणी देणाऱ्या घड्याळजींना व दुकानदारांना ती बरोबर वेळ दाखवी. हा धंदा तिच्या वडिलांनी १८३६ मध्ये सुरू केला. रूथने तो १८९२ पासून १९४० पर्यंत चालवला.

पण लंडनची बरोबर वेळ मुंबईला कशी चालेल? पृथ्वी १ अंश फिरायला ४ मिनिटे घेते. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशावर ठरवली आहे आणि मुंबई सुमारे ७२.८ अंशांवर आहे. फरक ९.७ अंशांचा. त्याला ४ ने गुणा. सुमारे ३९ मिनिटे आली ना? प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली, तरी मुंबईत ३९ मिनिटे मागे असलेली ‘मुंबई टाइम’ १९५५ पर्यंत वापरात होती.

अणूचा लंबक

१९५५ मध्येच इंग्लंडमध्ये लुई एसेन व जॅक पॅरी यांनी सीझियमचे अणुघड्याळ चालू केले. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच त्यावर बेतली आहे. सीझियम-१३३ अणूच्या ठरावीक प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तने म्हणजे एक सेकंद.

इतकी काटेकोर मोजणी कशासाठी? उपग्रहांच्या संदेशांवरून आपली जागा शोधताना वेळेत एका मायक्रोसेकंदाची चूक झाली, तर अंतरात ३०० मीटरची चूक होते. कारण प्रकाश तेवढ्या वेळात तितके अंतर जातो. समुद्रातल्या होडीला एवढी चूक खडकावर नेऊ शकेल.

भारताची प्रमाणवेळ नवी दिल्लीची राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा राखते. तिच्यासारख्या अनेक प्रयोगशाळा आपल्या घड्याळांच्या नोंदी पॅरिसजवळच्या आंतरराष्ट्रीय वजने व मापे कार्यालयाकडे पाठवतात. तेथे चारशेहून अधिक अणुघड्याळांची मिळून एक वेळ काढतात. गंमत अशी की कोणत्या प्रयोगशाळेचे घड्याळ किती पुढे वा मागे होते, याचा हिशेब पुढच्या महिन्यात हाती येतो. हेच काळनिसाचे खरे दप्तर!

अधिक सेकंद

आता खरी अडचण पाहा. भरती-ओहोटीच्या घर्षणाने पृथ्वीचे फिरणे शतकानुशतके मंदावत आले आहे. अणू मात्र थकत नाही. मग दोघांत अंतर पडते. चांद्रवर्ष मागे पडू नये म्हणून आपल्या पंचांगात अधिक महिना घालतात. त्याच युक्तीने १९७२ पासून ‘अधिक सेकंद’ घालू लागले. २०१६ अखेर असे २७ सेकंद घातले गेले. शेवटच्या वेळी आपल्याकडे १ जानेवारी २०१७ च्या पहाटे ५ वाजून २९ मिनिटे ५९ सेकंदांनंतर साठावा सेकंद आला आणि मगच साडेपाच वाजले!

संगणकांना हा सेकंद मानवत नाही. जून २०१२ च्या अधिक सेकंदाने अनेक ठिकाणचे संगणक अडखळले. शिवाय अलीकडे पृथ्वी किंचित वेगाने फिरू लागली आहे. त्यामुळे एखादा ‘क्षय सेकंद’ गाळावा लागेल की काय, अशीही चर्चा आहे. अखेर २०२२ मध्ये राष्ट्रांच्या परिषदेने ठरवले, की २०३५ पर्यंत ही एका सेकंदाची मर्यादा सैल करावी. मग घड्याळ व सूर्य यांच्यातले अंतर अधिक वाढू दिले जाईल.

ते किती वाढू द्यावे? घड्याळाने सूर्याशी नाते ठेवावे की अणूशीच? खगोलशास्त्रज्ञ व संगणकतज्ज्ञ यांची उत्तरे वेगवेगळी येतील. वर्गात दोन गट करून यावर चर्चा करा. २०३५ साली तुमच्यापैकीच कोणी हे दप्तर सांभाळत असेल.

तोवर एक प्रयोग करा. पातळ डब्याच्या झाकणाला मध्यभागी बारीक भोक पाडा, ते बादलीतल्या पाण्यावर अलगद सोडा आणि बुडायला लागणारा वेळ दहा वेळा मोजा. दहाही आकडे सारखे येतात का? येत नसतील तर का, ते शिक्षकांशी बोलून वहीत लिहा.